वायरला प्लास्टिक असतंच, मग पाईप कशाला?

बांधकामाचा हंगाम आला की व्हॉट्सॲपवर हा मजकूर पुन्हा फिरतो: वायरवर कंपनीचं प्लास्टिक असतंच, ती सरळ प्लास्टरमध्ये दाबा. पाईपमध्ये वायर तापते. टाकायचाच असेल तर कोणतीही नळी चालते. आणि पाईप असला की अर्थिंग लागत नाही. परभणी-नांदेडकडे घर बांधणारे यावरून वायरमनशी हुज्जत घालतात.

पहिलं प्लास्टिकचं. सिंगल कोअर वायरवरचं पीव्हीसी करंट अडवायला असतं, मार खायला नव्हे. त्यावर दुसरं आवरण नसतं; थापीचा घाव, भिंतीची ओल सगळं थेट त्यालाच. वायर जळाली तर भिंत फोडा. पाईपमध्ये असेल तर जुनीच्या टोकाला नवी बांधून ओढून घ्या, झालं. (ड्रिल मात्र पाईपलाही भोक पाडतं. बोर्डाच्या सरळ वर खिळा नको.)

वायर तापते, हे अर्धं खरं. एकाच पाईपात आठ-दहा वायरी कोंबल्या तर तापणारच, त्यात मे महिन्यातला आपला स्लॅब. साध्या पीव्हीसी वायरची मर्यादा 70 अंश. पण म्हणून पाईप काढायचा नसतो. आतली साधारण 40 टक्केच जागा भरायची, 20 मिमीऐवजी 25 घ्यायचा, एसीला 4 चौरस मिमीची वेगळी वायर द्यायची.

"कोणतीही नळी" वाचून मात्र डोकं फिरतं. आपल्याकडे शेतातली जुनी ठिबकची नळी फुकट असते, म्हणून तीच भिंतीत घालतात. ती पॉलिथिनची. पेटली की पेटत राहते, वितळून जळते थेंब खाली पडतात. कडक पीव्हीसीचा पाईप ज्योत बाजूला घेतली की विझतो. आयएस 9537 चा (वायरिंगच्या पाईपांच्या भारतीय मानकाचा) छाप बघून घ्या. स्लॅबमध्ये जाडीने मीडियम किंवा हेवीच हवा, लाईट पाईप सळईवरून चालणाऱ्यांच्या पायाखाली चेपतो. आणि काँक्रीट पडण्याआधी पाईपांची तोंडं कागदाने, चिंधीने बंद झालीत का, हे स्वतः वर चढून बघा. आत मसाला गेला तर तो पाईप कायमचा बाद.

राहिलं अर्थिंग. पूर्वीच्या लोखंडी पाईपातून अर्थिंग नेत, बहुधा तिथूनच हा समज आला. प्लास्टिकमधून करंट जात नाही, म्हणून हिरवी वायर वेगळी ओढावीच लागते, शिवाय 30 मिलिअँपिअरचा आरसीसीबी, म्हणजे करंट गळला की पुरवठा तोडणारा स्विच. बोर्डात हिरवी वायर दिसत नसेल तर आत्ताच विचारा. पाईपात जागा असेल तर ती नंतरही ओढता येते.