सड्यावर खाण नको म्हणजे नको

आमच्या गावच्या सड्यावर, म्हणजे डोंगरमाथ्यावरच्या सपाट कातळ पठारावर, बॉक्साइटची (ज्या दगडातनं अॅल्युमिनियम काढतात त्याची) खाण काढायचं घाटतंय. आज सकाळी गावाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर एकानं लिहिलं, "सडा तसाही मोकळाच पडलाय, गवतसुद्धा धड येत नाही. बॉक्साइट निघालं तर पोरांना काम तरी मिळेल." खाली धडाधड अंगठे. त्यात माझ्या सख्ख्या चुलतभावाचाही. तेव्हापासून डोकं फिरलंय. ऑफिसात बसलोय पण कामात लक्ष नाही, म्हणून इथं लिहितोय.

सड्यावर काही नाही? अरे, आपल्या नद्या तिथनं निघतात! कासारी शाहूवाडीतनं, कुंभी गगनबावड्यातनं, तुळशी आणि भोगावती राधानगरीतनं. या सगळ्या मिळून पंचगंगा होते हे कोल्हापुरातलं शाळकरी पोर सांगतं. पण त्या नद्यांना मे महिन्यात पाणी कुठनं येतं, हे विचारलं की मोठी माणसं गप्प.

माझी आत्ती अशाच एका सड्याखालच्या वाडीत दिली होती. घरामागं झरा होता. उन्हाळ्याच्या सुट्टीत आम्ही पोरं तिथंच पडीक असायचो. ऐन मे महिन्यात दगडाच्या कपारीतनं बोटभर धार, पाणी इतकं गार की दात शिवशिवायचे. अख्खी वाडी त्यावर जगायची. माणसं, म्हशी, वाफ्यातल्या मिरच्या, सगळं. मग वरच्या सड्यावर खाण आली. पहिल्या पावसात झरा तांबडा झाला. नंतर नंतर होळी आली की आटायला लागला.

यात गूढ काहीच नाही. सड्यावर जांभ्या दगडाचा थर असतो, भोकाभोकांचा, भेगाळलेला. आपल्या घाटमाथ्यावर पाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस कोसळतो. ते पाणी जांभ्यात मुरतं, खालच्या चिकण थरावर अडतं आणि सड्याच्या कडेनं झरे होऊन सावकाश बाहेर पडतं. सडा म्हणजे आपल्या नद्यांचा रांजण आहे. आणि बॉक्साइट असतं नेमकं त्याच वरच्या थरात. ते काढायचं म्हणजे पाणी धरणारा थरच खरवडून न्यायचा. मग पावसात सगळं पाणी लाल गाळ घेऊन एकदम खाली येणार आणि उन्हाळ्यात वर काहीच उरणार नाही. 2019 आणि 2021 चा पूर बघूनही आपल्याला हे कुणी समजावून सांगायला लागावं?

आत्तीला त्यातलं भूगर्भशास्त्र कुणी शिकवलं नव्हतं. ती एवढंच म्हणाली होती, "वरचं पाणी धरणारंच काढून नेलं, आता झरा बिचारा काय करंल?"

रोजगाराचं म्हणाल तर मान्य, गावात काम नाही. पोरं पुण्याला जातात, मीही गेलो. घरात अॅल्युमिनियमची भांडी आहेत, तीही मान्य. पण आत्तीच्या वाडीतल्या पोरांना काय मिळालं? थोड्यांना डंपरवर ड्रायव्हरकी, थोड्यांना रोजंदारी, आणि तीही माल संपेपर्यंत. बायकांच्या डोक्यावर हांडा मात्र कायमचा आला.

आणि सरकारचं काय सांगावं! पश्चिम घाट कसा जपावा हे सांगणारा गाडगीळ समितीचा अहवाल 2011 चा. 2012 मध्ये पश्चिम घाटातल्या 39 ठिकाणांना जागतिक वारसा म्हणून मान मिळाला, त्यात आपलं राधानगरी अभयारण्य आहे. फोटो काढून घेतले, फलक लावले. पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्राच्या अधिसूचनेचे मात्र 2014 पासून नुसते मसुदेच निघतायत. केरळात वायनाडला दरड कोसळून माणसं गाडली गेली, त्याच्या दुसऱ्या दिवशी, 31 जुलै 2024 ला, सहावा मसुदा आला. त्यात महाराष्ट्राचं सतरा हजार चौरस किलोमीटरहून जास्त क्षेत्र आहे, तिथं खाणींना पूर्ण बंदी असं लिहिलंय. मसुद्यात. तिकडं सिंधुदुर्गात, दोडामार्ग तालुक्यातल्या कळणे गावच्या खाणीचा बांध जुलै 2021 मध्ये फुटला आणि चिखल लोकांच्या घरात, बागायतीत शिरला. अजून काय बघायचंय?

शाहू महाराजांनी भोगावतीवर धरण बांधायला घेतलं तेव्हा शंभर वर्षं पुढचं बघितलं. आपल्याला पुढचा मेसुद्धा दिसत नाही.

चुलतभावावर सकाळी फार चिडलो होतो. आता लिहिता लिहिता राग थोडा उतरलाय. त्याची दोन्ही पोरं शिकून घरी बसलीत, त्याची घालमेल मला कळते. पण दादा, तूही आत्तीकडं माझ्याबरोबर यायचास. त्या धारेला तोंड लावून तूही पाणी प्यायलायस. परवा तिच्या सुनेशी फोनवर बोललो, अजून टँकरची वाट बघतात. सड्याखाली, घाटमाथ्याच्या पावसात राहून टँकर! हे तुझ्या पोरांच्या वाट्याला यावं असं तुला वाटत नाही, हे मला माहीत आहे.

तर, खाणीच्या जनसुनावणीची नोटीस निघाली की आधी तीस दिवस मिळतात. त्या मुदतीत प्रदूषण नियंत्रण मंडळाकडं लेखी हरकत देता येते, एका पानाची चालते, आपल्या शब्दांत चालते. आपल्या झऱ्याचं नाव, किती घरं त्यावर पितात, उन्हाळ्यात कुठवर टिकतो, एवढं लिहा. कोल्हापूर, इचलकरंजीतल्या मित्रांनो, तुम्हीही लिहा, नळाला येणारं पाणी त्याच डोंगरातनं येतं. ग्रामसभेत ठराव मांडायला मी रजा काढून गावी येतोय. हरकतीचा नमुना आज रात्री तयार करतो, ज्याला हवा त्यानं खाली कळवा.