पुतळ्यापेक्षा शाळा बांधा म्हणणाऱ्यांसाठी

जय भीम मंडळी. एप्रिल जवळ आला की आमच्या ऑफिसच्या ग्रुपवर तो मेसेज येतोच, बाबासाहेबांचे एवढे पुतळे कशाला, त्या पैशात शाळा बांधा, दवाखाने बांधा. दरवर्षी वाचून सोडून देते, यंदा नाही सोडणार, कारण हा मेसेज टाकणाऱ्याने आमच्या गावच्या पुतळ्याची वर्गणीची वही कधी बघितलेली नाही.

ती वही आमच्या घरात आहे. दोनशे पानी, कव्हर फाटलेली, वडील कमिटीत होते म्हणून हिशोब त्यांच्याकडे. त्यात नावं आणि पुढे आकडे, ११, २१, ५१, कुठंकुठं "राहिलेले सुगीनंतर" असं लिहिलंय आणि खरंच सुगीनंतरच्या पानावर तेच नाव परत येतं. एका आजीनं पैसे नव्हते म्हणून पितळी घागर दिली, ती मोडीत घालून आलेली रक्कम तिच्या नावापुढे लिहिली आहे. सरकारचा एक रुपया नाही त्यात. मग कुठली शाळा अडली ह्या पैशामुळे? आणि शाळा बांधणं सरकारचं काम आहे ना, ते आमच्या वर्गणीतून का करायचं?

परवानगीचं तर विचारूच नका. पुतळा बसवायचा म्हणजे जागेचा ठराव, कलेक्टर ऑफिसची मंजुरी, मातीच्या मॉडेलला कला संचालनालयाची मान्यता, मग कास्टिंग. सगळे कागद मिळाले तरी चौकातली जागा द्यायला गावातल्या काही लोकांनी जो त्रास दिला तो वडील शेवटपर्यंत विसरले नाहीत. गावाबाहेर बसवा की, तिकडं मोकळी जागा आहे, असं सांगायचे. गावाबाहेर! आमच्या पणज्याला गावाबाहेरच ठेवलं होतं, आता बाबासाहेबांनी पण तिथंच उभं राहायचं का? १९२७ ला महाडला चवदार तळ्यावर जाऊन पाणी प्यायले ते काय तहान लागली म्हणून नाही, सार्वजनिक जागा सगळ्यांची आहे हे दाखवायला. चौकातला पुतळा माझ्या दृष्टीनं त्याच गोष्टीचा पुढचा भाग आहे.

कोल्हापूरला गेलात तर बिंदू चौकात थांबा जरा. तिथं महात्मा फुले आणि बाबासाहेबांचे पुतळे आहेत, भाई माधवराव बागलांनी पुढाकार घेतला, शिल्पकार बाळ चव्हाण, आणि बसवले ९ डिसेंबर १९५० ला. म्हणजे बाबासाहेब हयात होते तेव्हा! संसदेच्या आवारातला पुतळा यायला १९६७ साल उजाडलं, २ एप्रिलला राष्ट्रपती राधाकृष्णन यांनी त्याचं अनावरण केलं, शिल्पकार ब्रह्मेश वाघ. कोल्हापूरच्या लोकांनी दिल्लीची वाट बघितली नाही, ह्याचा मला फार अभिमान वाटतो.

आता कुणी म्हणेल, बाबासाहेबच विभूतीपूजेच्या विरोधात होते. होते, शंभर टक्के होते. २५ नोव्हेंबर १९४९ ला संविधान सभेत त्यांनी बजावून सांगितलं की राजकारणात भक्ती म्हणजे अधःपतनाचा आणि शेवटी हुकूमशाहीचा रस्ता. हे मला पाठ आहे आणि म्हणूनच पुतळ्यापुढे रात्रभर डीजे लावून नाचणाऱ्या आमच्या पोरांशी मी भांडते, आणि मुंबईत इंदू मिलच्या जागेवरच्या बाबासाहेबांच्या स्मारकाची उंची किती फूट ह्यावर चर्चा सुरू झाली की मला त्यात रस वाटत नाही. तिथलं ग्रंथालय कसं होणार ते सांगा. आमच्या गावात १४ एप्रिलच्या आधी विहारात अठरा तास अभ्यास असतो, दहावीची पोरंपोरी सकाळी सहाला वह्या घेऊन बसतात, मधे फक्त जेवायला उठतात, ते बघून मला जे वाटतं ते कुठल्याच उंचीनं वाटणार नाही.

पण भक्ती वेगळी आणि हक्क वेगळा. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात पुतळ्याला चपलांचा हार घातला, लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात १० जणं गेली. पुतळा जर नुसता धातू असता तर तो हार घालावासा कुणाला वाटला असता? ज्यांना विटंबना करायचीय त्यांना पुतळ्याचा अर्थ बरोबर कळतो, कळत नाही तो फक्त शाळा-दवाखाना मेसेजवाल्यांना.

आणि ह्याच भीतीनं आमच्या पुतळ्याला आता लोखंडी जाळी आली आहे, चारी बाजूंनी, वरून पत्रा, दाराला कुलूप. सुरक्षेसाठी म्हणे. आधी आई १३ तारखेला संध्याकाळी स्टूल घेऊन जायची, पहिल्यांदा चष्मा पुसायची, कारण चष्म्याची काडी आणि नाक ह्यांच्यामधे धूळ जाम बसते आणि फडकं तिथं पोचत नाही, तर पदराचं टोक पिळून आत घालायची. मग कोटाची बटणं, मग हातातलं पुस्तक. तिला वाचता येत नाही, पण पुस्तक पुसताना ती हात सावकाश फिरवते.

गेल्या वर्षी चावी ज्यांच्याकडे असते ते बाहेरगावी गेलेले. आई स्टूल घेऊन अर्धा तास उभी राहिली आणि शेवटी जाळीतून बोटं घालून पायाशी पोचेल तेवढंच पुसून परत आली. ज्या माणसानं आम्हाला चौकात उभं राहायला शिकवलं त्यालाच आपण गजाआड ठेवलंय, हे मला सहन होत नाही. कॅमेरा लावा, लाईट लावा, रात्री पाळीनं पोरं बसवा, मी पण बसते. येत्या ग्रामसभेत जाळी काढायचा विषय मी मांडणार आहे, गावातल्या बायांनी सह्या द्यायला घरी यावं, आईचा अंगठा पहिला घेतलाय.