बढती हवी असेल तर आधी तब्येत सांभाळा

अभिनंदन! विद्यापीठाच्या शिक्षकेतर कर्मचाऱ्यांच्या सेवाज्येष्ठता यादीत तुमचं नाव चौथं आलं आणि वरचे तिघे यंदा निवृत्त होतायत. आता सहायक अधीक्षक आपणच, असं तुम्ही घरी सांगूनही टाकलंत. इथेच चुकलात. यादीच्या डोक्यावर काय लिहिलंय ते वाचलंत का? 'तात्पुरती'. १ जानेवारीची ही यादी दरवर्षी लागायला हवी. ती लागते तेव्हा वरच्या तिघांपैकी एकाचा निरोप समारंभ होऊन गेलेला असतो. हरकत घ्यायला मुदत असते. हरकतीवर निर्णय द्यायला नसते.

तरीही धीर सोडू नका. आधी कायदा समजून घ्या. घटनेच्या कलम १६ नुसार तुम्हाला पदोन्नतीचा हक्क नाही, पदोन्नतीसाठी विचार होण्याचा हक्क आहे. सर्वोच्च न्यायालयाने हे पुनःपुन्हा सांगितलंय आणि आपल्याकडे ते फार मनावर घेतात. वर्षानुवर्षं तुमचा विचारच चालू असतो.

विचार लांबला की कारण विचारायला जाऊ नका, ते ठरलेलं आहे: बिंदुनामावली, म्हणजे कुठलं पद कुठल्या प्रवर्गाचं याची नोंद, तपासायला मागासवर्ग कक्षाकडे गेली आहे. ती परत आली, तर आकृतीबंध, म्हणजे मंजूर पदांचा तक्ता, मंत्रालयात आहे. दोन्ही हाताशी आले, तर गोपनीय अहवालांपैकी नेमका एक सापडत नाही. शिवाय पदोन्नतीतल्या आरक्षणाचा प्रश्न आहेच. हे आरक्षण देणारा २५ मे २००४ चा शासन निर्णय उच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१७ मध्ये रद्द केला, प्रकरण दिल्लीला गेलं, ७ मे २०२१ ला सगळी पदं सेवाज्येष्ठतेने भरा असा नवा निर्णय निघाला, त्यालाही आव्हान मिळालं. आरक्षण असलेला आणि नसलेला, दोघे एकाच बाकावर बसून एकाच फायलीची वाट बघतायत. सामाजिक समता आणखी कुठे शोधायची?

आता कोर्टात जायचं म्हणता? जरूर जा. फक्त वेळ साधा. आदेश निघायच्या आधी गेलात तर याचिका अकाली ठरते. आदेशानंतर चार वर्षं अर्जविनंत्या करत बसलात आणि मग गेलात, तर विलंब झाला, आता स्थिरावलेली ज्येष्ठता विस्कटता येणार नाही, असं ऐकायला मिळतं. या दोहोंच्या मध्ये कुठेतरी एक योग्य मंगळवार असतो. तो शोधायला वकील करायचा.

आधी तक्रार निवारण समिती, मग विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरण, मग उच्च न्यायालय असा प्रवास असतो. कोल्हापूर-सांगलीकडचे असाल तर नशीबवान आहात. पूर्वी तारखेला महालक्ष्मी एक्सप्रेसने रात्रभर जाऊन मुंबई गाठावी लागे. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरातच उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच आहे. पुढची तारीख आता घराजवळ मिळते.

समजा, जिंकलात. 'अर्जदाराच्या निवेदनावर आठ आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घ्यावा.' पेढे वाटू नका, नीट वाचा. निर्णय घ्यावा म्हटलंय. कुठला, ते नाही म्हटलेलं. नवव्या आठवड्यात तुम्हाला 'आपली विनंती मान्य करता येत नाही' असं दीड ओळीचं पत्र येईल. मग त्या पत्राविरुद्ध नवी याचिका. माझ्या एका मित्राच्या अशा तीन झाल्या. आता वकीलसाहेब त्याला अरे-तुरे करतात.

वाट बघताना आश्वासित प्रगती योजना आहेच. पद नाही तर नाही, निदान वरच्या पदाची वेतनश्रेणी. तेवढ्यावर समाधान माना, पण निश्चिंत होऊ नका. विद्यापीठातल्या शिक्षकेतरांसाठीचे या योजनेचे शासन निर्णय डिसेंबर २०१८ मध्ये रद्द झाले होते. ते परत मिळवायला फेब्रुवारी २०२३ मध्ये परीक्षांच्या कामावर बहिष्कार टाकावा लागला. आश्वासन होतं, प्रगतीही होती. दोन्ही एकदम हवेत, ही हाव झाली.

आणि चुकून जास्त पगार मिळालाच तर खर्च करू नका. वेतन पडताळणी पथकाला तुमची आठवण निवृत्तीच्या तोंडावर येते. वसुलीचं पत्र आलं की रफिक मसीह खटल्याचं नाव घ्या. त्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये स्पष्ट सांगितलं की तृतीय-चतुर्थ श्रेणीतल्यांकडून, निवृत्तांकडून किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून अशी वसुली करता येत नाही. आपल्या लेखा विभागात हा निकाल सगळ्यांना पाठ आहे. तरीही तुम्हाला दाखवायला लावतील.

शेवटी बढती येतेच, खोटं कशाला बोला. शाल-श्रीफळ घेऊन घरी बसलात की साधारण दुसऱ्या दिवाळीला पोस्टमन येतो. आत 'मानीव दिनांक' असतो. सात वर्षांपूर्वीच्या एका सोमवारपासून तुम्ही सहायक अधीक्षक होतात, असं त्यात मानलेलं असतं. प्रत्यक्ष काम न केल्यामुळे थकबाकी अनुज्ञेय नाही. काम का केलं नाहीत, हे विचारायचं नसतं. त्या सात वर्षांत ते टेबल 'अतिरिक्त कार्यभार' म्हणून तुम्हीच सांभाळलंत, ही तुमची वैयक्तिक हौस.

थोरलीच्या लग्नपत्रिकेत 'वरिष्ठ लिपिक' छापावं लागलं, त्याला इलाज नाही. धाकटीच्या पत्रिकेत मात्र 'सहायक अधीक्षक (सेवानिवृत्त)' बिनधास्त छापा. खाली बारीक अक्षरात एवढंच टाका: न्यायालयाच्या अंतिम निर्णयाच्या अधीन राहून.