‘घाबरवायचे धंदे बंद करा’ : होमलोनवरच्या प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

तुमची प्रतिक्रिया वाचली. चार ओळींत उत्तर देऊन मोकळा होणार होतो, पण मुद्दे दमदार आहेत, शिवाय तेच मुद्दे ऑफिसात, लग्नात, सोसायटीच्या मीटिंगमध्ये कुठेही ऐकू येतात, म्हणून म्हटलं एकदा नीट लिहूच.

ज्यांनी ती प्रतिक्रिया वाचली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात. मी मागच्या लेखात लिहिलं होतं की ५० लाखांचं होमलोन ८.५ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतलं तर ईएमआय (महिन्याचा हप्ता) बसतो ४३,३९१ आणि शेवटपर्यंत बँकेला जातात १ कोटी ४ लाख. त्यावर तुमचं म्हणणं असं, की असले आकडे दाखवून मध्यमवर्गीय माणसाला घाबरवायचे धंदे बंद करा, २० वर्षांनी रुपयाला काय किंमत राहणार आहे, टॅक्स वाचतो तो कोण धरणार, भाडं भरलं तर ते तरी कुठे परत मिळतं, उलट शहाण्या माणसाने ३० वर्षांचं लोन घ्यावं आणि हप्त्यातल्या फरकाची एसआयपी (म्युच्युअल फंडात दरमहा ठरावीक गुंतवणूक) करावी. आणि स्वतःचं उदाहरण दिलंत, २०२१ च्या शेवटी ६.७५ ने ५० लाख घेतले, ३८ हजारांचा हप्ता, ‘आजपर्यंत एक रुपयाने वाढलेला नाही’. शिवाय मेव्हण्याचा प्रश्न विचारलात, त्याच्याकडे सगळ्यात शेवटी येतो.

महागाईचं आधी घेऊ. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर विसाव्या वर्षीचा ४३,३९१ चा हप्ता आजच्या हिशोबाने जेमतेम १६ हजारांचा भरतो, आणि सगळे २४० हप्ते आजच्या रुपयांत आणले तर १ कोटी ४ लाखांचे साधारण ६६ लाख होतात. म्हणजे ५४ लाखांचं व्याज आजच्या पैशात १६ लाखच. इथवर मी पूर्ण तुमच्या बाजूने. (काही हुशार मंडळी याच्याही पुढे जातात, हप्ते महागाईच्या ५ ऐवजी कर्जाच्याच ८.५ टक्क्यांनी आजच्या रुपयांत आणतात आणि म्हणतात बघा, बरोब्बर ५० लाख आले, म्हणजे कर्ज फुकटच! अहो ते येणारच, हप्ता काढायचं सूत्रच ते आहे.)

पण या सगळ्या हिशोबात एक गोष्ट गुपचूप धरून चाललोय आपण, ती म्हणजे महागाई वाढत जाईल आणि व्याजाचा दर मात्र आहे तिथेच बसून राहील. अमेरिकेत तसं होतं. तिकडे ३० वर्षं फिक्स्ड दर मिळतो, २०२१ मध्ये तीन टक्क्यांच्या आसपास लोन घेतलेले कितीतरी लोक नंतर घर विकायलाच तयार होईनात कारण तसला दर परत कुठला मिळायला. आपल्याकडे होमलोन म्हणजे जवळजवळ सगळं फ्लोटिंग, म्हणजे दर वरखाली होत राहणारं. १ ऑक्टोबर २०१९ पासून नवीन फ्लोटिंग होमलोन बँकेबाहेरच्या एखाद्या दराला (बेंचमार्कला) जोडणं आरबीआयने बँकांना सक्तीचं केलं आणि बहुतेक बँकांनी त्यासाठी रेपो रेट (आरबीआय बँकांना ज्या दराने पैसे देते तो) घेतला. आता आरबीआय रेपो वाढवते कशासाठी? महागाई आटोक्यात आणायलाच ना? म्हणजे जी महागाई तुमचं कर्ज हलकं करणार म्हणताय, ती डोकं वर काढायला लागली की तुमचाच दर वाढतो. महागाईत कर्जदाराचा फायदा होतो हे वाक्य फिक्स्ड रेटवाल्यांचं आहे, आपण ते उसनं घेऊन मिरवतो.

आणि हे पुस्तकी नाहीये, तुमच्याच लोनवर घडलंय. एप्रिल २०२२ मध्ये किरकोळ (रिटेल) महागाई ७.७९ टक्क्यांवर गेली, आणि मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत रेपो ४ वरून ६.५ झाला. अडीच टक्के. तुमचे ६.७५ चे झाले ९.२५. आता तुमचाच आकडा घेऊ. ५० लाख, २० वर्षं, ६.७५ म्हणजे हप्ता ३८,०१८. वर्षभर हप्ते भरल्यावर शिल्लक मुद्दल राहतं सुमारे ४८ लाख ७७ हजार. त्यावर ९.२५ ने एका महिन्याचं व्याज किती? ३७,६०० च्या आसपास. म्हणजे ३८ हजारांच्या हप्त्यातले सव्वाचारशे रुपये मुद्दलाला जातात. सव्वाचारशे! या वेगाने १९ वर्षं उरलेलं लोन फिटायला जवळजवळ ४९ वर्षं लागतील. (दर टप्प्याटप्प्याने वाढला, मी एकदम वाढला असं धरलंय, त्यामुळे थोडं इकडेतिकडे होईल, पण चित्र हेच.) आणि १९ वर्षांतच फेडायचं तर हप्ता हवा ४५,५०० च्या घरात.

अर्थात ४९ वर्षं कुठलीच बँक देत नाही, वयाची मर्यादा असते, टेन्युअरची (मुदतीची) असते, म्हणून तेव्हा कित्येकांचा ईएमआय कधी ना कधी वाढवलाच. तुमचा एक रुपयाने वाढला नाही म्हणता, म्हणजे एकतर तुम्ही मधे चांगलं घसघशीत पार्ट पेमेंट (हप्त्याशिवाय मुद्दलात जादा भरणा) केलंय नाहीतर तुमचं टेन्युअर मागच्या मागे ताणलं गेलंय. पार्ट पेमेंटचा तुम्ही उल्लेख केला नाहीत. तेव्हा ज्या गोष्टीचा तुम्हाला अभिमान वाटतोय तीच जरा उघडून बघा असं माझं म्हणणं आहे. २०२५ मध्ये रेपो सव्वा टक्का खाली आला, ५.२५ पर्यंत, त्यामुळे बरंच सावरलं असेल, पण तुमची लोनमधून सुटण्याची तारीख सँक्शन लेटरवर (बँकेच्या मंजुरीपत्रावर) होती तिथे आपोआप परत आली असेल असं समजू नका. बघायला काही अवघड नाही. ऑगस्ट २०२३ च्या आरबीआयच्या आदेशाप्रमाणे बँकेने दर तिमाहीला स्टेटमेंट द्यायचं असतं, त्यात आजवर किती मुद्दल गेलं, किती व्याज गेलं, ईएमआय किती आणि हप्ते किती उरले हे सगळं असतं. ‘उरलेले हप्ते’ तेवढं बघा. त्याच आदेशात असंही आहे की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे ठरवायचा पर्याय ग्राहकाला द्यायचा. पण कसंय, असले मेसेज येतात तेव्हा आपण ते ऑफरचे समजून डिलीट करतो.

म्हणून मी १ कोटी ४ लाख हा आकडा लिहिला. तो भविष्य नाहीये, दर हलला नाही आणि मुदत हलली नाही तर काय होईल एवढंच तो सांगतो. खरी किंमत सह्या करताना ठरतच नाही, ती पुढची २० वर्षं दर महिन्याला बनत राहते.

टॅक्सचं फार लांबवत नाही. ८.५ च्या लोनवर पहिल्या वर्षी व्याज जातं ४ लाख २१ हजार, राहत्या घराला या व्याजापोटी टॅक्समध्ये वजावट मिळते कमाल २ लाखांची, ही मर्यादा २०१४ च्या बजेटपासून जागची हललेली नाही. ३० टक्के स्लॅबवाल्याचे वाचले ६२,४००, ठीक आहे, चांगलेच आहेत. मुद्दलापोटीच्या वजावटीचे दीड लाख (ज्याला आपण ८०सी म्हणतो) बहुतेकांचे पीएफ आणि एलआयसीतच भरलेले असतात. आणि हे सगळं जुन्या टॅक्स रेजीममध्ये (करपद्धतीत). नव्या रेजीममध्ये राहत्या घराच्या व्याजाला काहीही नाही, आणि आता डीफॉल्ट तीच आहे. तुम्ही कुठल्या रेजीममध्ये आहात ते लिहिलं नाहीत.

भाडं ‘वाया जातं’ यावर मात्र माझं जरा वेगळं मत आहे. व्याज म्हणजे तरी काय, बँकेच्या पैशाचं भाडंच. ६५ लाखांच्या फ्लॅटला वर्षाचं भाडं किमतीच्या अडीच-तीन टक्के, म्हणजे महिना साडेतेरा ते सव्वासोळा हजार. त्याच फ्लॅटवर ५० लाख काढले तर पहिल्या महिन्याचं व्याज ३५,४१७, मुद्दलात जातात ७,९७४. आता कोण कोणाचं वाया घालवतंय सांगा. पुढे भाडं वाढत जातं आणि व्याज कमी होत जातं, म्हणून दहा-बारा वर्षं राहणार असाल तर हिशोब फिरतो हे मला मान्य आहे, शिवाय घरमालकाचा फोन येत नाही त्याची किंमत वेगळीच. पण पाच वर्षांत नोकरीमुळे गाव बदलायचं असेल तर काय होतं ते बघा: ६० हप्त्यांत २६ लाख भरलेले असतात आणि मुद्दल फिटलेलं असतं सहा लाखांच्याही आत, ४४ लाख ६ हजार अजून उभेच. यावर लोक चिडून म्हणतात बँक आधी व्याज कापून घेते, लबाडी आहे. लबाडी नाहीये हो. दर महिन्याला जेवढं शिल्लक आहे तेवढ्यावर व्याज, बस. सुरुवातीला शिल्लक जास्त म्हणून व्याज जास्त. पण म्हणूनच पहिल्या काही वर्षांत टाकलेला जादा पैसा सगळ्यात जास्त काम करतो. याच लोनला दर वर्षी एक हप्ता जादा भरला तर ते ३ वर्षं ४ महिने आधी संपतं आणि दहा लाखांच्या वर व्याज वाचतं, आणि स्वतःच्या नावावरच्या फ्लोटिंग होमलोनला प्री-पेमेंटचा दंडही नाही.

बरं, तुम्ही आणि मी दोघंही फक्त व्याजावर भांडतोय. पुण्यात स्टँप ड्युटी सगळे सेस धरून सहा-सात टक्के, रजिस्ट्रेशन ३० हजार, बांधकाम चालू असेल तर ५ टक्के जीएसटी, प्रोसेसिंग फी आणि तिच्यावर १८ टक्के जीएसटी, ही यादी सगळ्यांना माहीत असते. जी लक्षात येत नाही ती इन्शुरन्सची भानगड. माझ्या एका मित्राने ५० लाख मागितले होते, सँक्शन लेटरवर ५२ लाख. विचारलं तर म्हणे सर ते लोन प्रोटेक्शन आहे, सिंगल प्रीमियम, तुम्हाला खिशातून काही भरायचं नाही, ईएमआयमध्ये अ‍ॅडजस्ट होईल. फक्त सतराशे रुपये वाढतात. आता २ लाखांवर ८.५ ने २० वर्षं, म्हणजे त्या पॉलिसीला पडले ४ लाख १६ हजार. एवढ्यात साधा टर्म प्लॅन (फक्त मृत्यूनंतर पैसे देणारा विमा) किती मोठा आला असता ते कुठल्याही साइटवर बघा. आणि ही पॉलिसी कायद्याने सक्तीची नाही, मित्राने ‘लेखी द्या की हिच्याशिवाय लोन मिळणार नाही’ म्हटल्यावर दुसऱ्या दिवशी नवीन सँक्शन लेटर आलं. ५० लाखांचं.

३० वर्षं आणि एसआयपी. ८.५ ने ३० वर्षांचा हप्ता ३८,४४६, म्हणजे २० वर्षांपेक्षा महिन्याला ४,९४५ कमी, आणि व्याज ५४ ऐवजी ८८ लाख. त्या ४,९४५ ची एसआयपी तुम्ही खरोखर ३० वर्षं न तोडता चालवलीत तर इक्विटीत (शेअर बाजारात) तुम्ही पुढे जाऊ शकता, नाकारत नाही. पण त्यावर साडेबारा टक्के कॅपिटल गेन टॅक्स लागतो (वर्षाला सव्वा लाखाच्या वरच्या नफ्यावर), आणि मधे गाडी, मुलीची अ‍ॅडमिशन, आईचं ऑपरेशन हे सगळं येतं, तेव्हा थांबते ती एसआयपीच, ईएमआय थांबत नाही. पार्ट पेमेंट केलेला पैसा मात्र साडेआठ टक्के नक्की वाचवतो, त्यावर टॅक्स नाही आणि बाजार पडला म्हणून तो कमीही होत नाही. एसआयपी जमणाऱ्यांनी जरूर करावी. मी स्वतः २० वर्षांचंच घेतलंय आणि दिवाळीचा बोनस आला की अर्धा त्यात टाकतो, बायकोला ते अजिबात आवडत नाही.

आता मेव्हणा. तुम्ही विचारलंत, ‘तो बॅलन्स ट्रान्सफर करतोय, दर अर्ध्या टक्क्याने आणि हप्ता साडेसहा हजारांनी कमी होतोय, त्यालाही तुमच्या मते लुटलं का?’ (बॅलन्स ट्रान्सफर म्हणजे उरलेलं लोन दुसऱ्या बँकेत हलवणं.) लुटलं असं मी म्हणणार नाही, पण रक्कम तुम्ही दिली नाहीत म्हणून माझेच आकडे लावून बघू. पाच वर्षांनंतरचे ४४ लाख ६ हजार, ८.५ ने १५ वर्षं उरलेली, पुढचं व्याज ३४ लाख. नवी बँक म्हणते ८ टक्के, हप्ता ३६,८५६. साडेसहा हजार कमी, तुमच्या मेव्हण्यासारखंच. एवढा फरक अर्ध्या टक्क्याने पडतच नाही हो! तो पडतो कारण टेन्युअर पुन्हा २० वर्षांचं केलेलं असतं. आणि मग पुढचं व्याज होतं ४४ लाखांच्या वर. दर कमी, हप्ता कमी, आणि दहा लाख जास्त. तेच १५ वर्षंच ठेवलं तर हप्ता ४२,१०९, म्हणजे कमी होतो फक्त तेराशे रुपयांनी, पण व्याज सव्वादोन लाखांनी खरंच वाचतं, त्यातून नव्या बँकेची फी, लीगल आणि नवीन मॉर्गेजची स्टँप ड्युटी वजा करा.

घरखर्च खरंच ओढाताणीचा असेल आणि साडेसहा हजारांनी दिलासा मिळत असेल तर त्याने तेही करावं, तो त्याचा निर्णय, फक्त दहा लाख मोजून करतोय हे माहीत असू दे. आणि सही करायच्या आधी स्वतःच्याच बँकेत जाऊन नव्या ग्राहकाला आज काय दर देताय तेवढं विचारू दे, बऱ्याच ठिकाणी किरकोळ कन्व्हर्जन फी भरून त्याच खात्यावर दर कमी करून देतात, कागदपत्रं हलवायची भानगडच नाही. तिथे नाही जमलं तर नव्या बँकेच्या माणसाला फॉर्मवर २० च्या जागी १५ लिहायला सांगायचं. तो म्हणेल सर ईएमआय वाढेल. वाढू दे म्हणावं.