‘चार स्क्रूंचं तर काम!’ – एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

टीव्हीचा स्टँड काढण्या-बसवण्यावरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत : "चार स्क्रूंचं तर काम! टीव्ही पलंगावर पालथा घाला, ड्रिल लावा, पाच मिनिटांत मोकळे. लोकांना उगाच घाबरवू नका. आणि ते डुगडुगणारे युनिव्हर्सल स्टँड सुचवण्यापेक्षा सरळ भिंतीवर लावायला सांगा." तुम्ही स्वतः दुरुस्तीच्या धंद्यात आहात, हेही लिहिलंत. म्हणून जरा सविस्तर उत्तर देतो.

पाच मिनिटांचं म्हणाल, तर तुमच्यासाठी ते खरंच आहे. स्क्रू आडवा शिरतोय हे तुमच्या मनगटाला आधी कळतं. माझा वाचक हे काम घर बदलताना करतो, खाली टेम्पो उभा असताना. त्याला तुमचा हात एका लेखातून देता येत नाही; कुठे थांबायचं एवढं सांगता येतं.

पलंगाबद्दल मात्र मी ठाम आहे. गादी दबते. टीव्हीची कड एकीकडे खाली जाते, दुसरीकडे उचलली जाते, आणि त्यातच आपण गुडघा टेकवून स्क्रू पिळायला वाकतो. पॅनेलमधल्या दोन काचा जेमतेम अर्ध्या मिलिमीटरच्या आसपास असतात. तडा गेला तरी वरच्या फिल्ममुळे तो बाहेरून दिसेलच असं नाही. टीव्ही सुरू केला की काळा डाग आणि उभ्या रेघा. हे नुकसान वॉरंटीत बसत नाही, आणि नव्या पॅनेलची किंमत ऐकून बहुतेक लोक नवा टीव्हीच घेतात. म्हणून सपाट टेबल, त्यावर पडद्याहून मोठी घडी केलेली गोधडी, खाली एकही सुटा स्क्रू राहिला नाही ना हे बघणं आणि उचलायला दोन माणसं. काही फार पातळ मॉडेल पालथी घालायचीच नसतात, खोक्यात उभी ठेवूनच पाय बसवायचे असतात. आधी माहितीपत्रक बघा, असं मी म्हटलं ते यासाठी.

आता स्क्रू. लेखातला सगळ्यात मोठा भाग त्यांनी खाल्ला, आणि तो तसाच राहील. पायांचे स्क्रू आणि पाठीवरच्या भोकांचे स्क्रू जाडीला सारखे असू शकतात, लांबीला सहसा नसतात. पाठीवरची भोकं वेसा मापाची, म्हणजे टीव्ही भिंतीवर किंवा स्टँडवर लावण्यासाठी ठरलेल्या प्रमाण अंतरांची : लहान टीव्हीला १०० बाय १०० मिलिमीटर, पुढे २०० बाय २००, त्याहून मोठ्यांना ४०० किंवा जास्तही. लहान मापाला साधारण एम-४ (म्हणजे ४ मिलिमीटर जाडीचा) स्क्रू, मोठ्याला एम-६, काहींना एम-८. जाडी चुकली तर स्क्रू बसतच नाही, त्यामुळे ती चूक लगेच कळते. लांबी चुकली तर तो आनंदाने आत जातो आणि सर्किटला किंवा पॅनेलच्या पाठीला भिडतो. आखूड पडला तर दोन आट्यांवर सगळा टीव्ही लटकतो. म्हणून भोकात काडेपेटीची काडी अलगद घालून खोली मोजायची, त्यात ब्रॅकेटच्या पत्र्याची जाडी मिळवायची, आणि स्क्रू त्याहून थोडा कमी लांबीचा घ्यायचा. पहिले आटे हातानेच. ड्रिलने प्लास्टिकमधले आटे क्षणात जातात, आणि मग तो पाय कधीच घट्ट बसत नाही.

युनिव्हर्सल स्टँड, म्हणजे पाठीवरच्या भोकांत बसणारा, कुठल्याही कंपनीच्या टीव्हीला चालणारा स्टँड, मी हौसेने सुचवलेला नाही. भिंतीवर टीव्ही लावताना कंपनीचे पाय माळ्यावर जातात, स्क्रू हरवतात, आणि काही वर्षांनी सर्व्हिस सेंटरवाले ‘हा पार्ट आता येत नाही’ म्हणतात. शिवाय ५५ इंची टीव्हीची रुंदी १२२ सेंटिमीटरच्या आसपास, म्हणजे चार फूट. पाय दोन टोकांना असतील तर चार फुटी टेबलाच्या अगदी कडेवर येतात. मधोमध बैठक असलेला स्टँड तिथे जास्त सुरक्षित. स्वस्तातले डुगडुगतात, हे तुमचं म्हणणं मला मान्य आहे. म्हणून तर लिहिलं, की वजनाची मर्यादा टीव्हीच्या वजनाहून बरीच जास्त हवी, बैठक जड हवी, आणि घरात लहान मूल असेल तर टीव्ही पट्ट्याने मागे बांधलाच पाहिजे. रांगतं मूल टेबलाला धरूनच उभं राहतं.

भिंतीवर लावा, असं सरसकट मी सांगणार नाही. भाड्याच्या घरात मालक भोकं पाडू देत नाहीत. नव्या इमारतींतल्या भिंती बऱ्याचदा एएसी ब्लॉकच्या, म्हणजे हलक्या, सच्छिद्र काँक्रीटच्या विटांच्या असतात. त्यात नेहमीची प्लास्टिकची गिट्टी ठोकली तर ती भुसभुशीत भोकात सैल पडते आणि भार आला की उपटून येते. पावसाळ्यात ओल धरणारी भिंतही मी टाळेन.

या एएसी ब्लॉकच्या भिंतींवर तुम्ही रोज टीव्ही लावत असाल. तिथे कोणता अँकर वापरता, किती खोल भोक घेता, हे प्रतिक्रियेत सविस्तर लिहा. भिंतीवर लावण्यासाठी वेगळा लेख करायचा आहे, त्यात मला हे हवंय.

स्क्रूंच्या पिशवीचं राहिलंच : स्टँड काढला की ती लगेच स्टँडलाच चिकटपट्टीने बांधून ठेवा, असं तुमच्या गिऱ्हाइकांनाही सांगत चला.