गाडी तर सुरू होते आहे, साहेब

काल सकाळी माझी मोटार चौथ्यांदा टोचन करून गॅरेजात गेली आणि चौथ्यांदा, तिथल्या माणसाने किल्ली फिरवताच, पहिल्याच सेल्फला सुरू झाली. पाहुण्यांसमोर पाढे म्हणून दाखवणाऱ्या गुणी मुलासारखी ती एका लयीत चालत राहिली. त्याआधी तासभर माझ्या दारात याच मोटारीने बावीस वेळा, होय, मी मोजले आहे, दोन सेकंद धुगधुगी दाखवून मान टाकली होती. दर वेळी डॅशबोर्डावरचा किल्लीच्या चित्राचा तांबडा दिवा माझ्याकडे पाहून डोळे मिचकावत होता.

गॅरेजातल्या त्या गृहस्थांनी माझ्याकडे वळून जे वाक्य उच्चारले ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. "गाडी तर सुरू होते आहे, साहेब." या वाक्यातला 'तर' नीट ऐकावा. त्या दोन अक्षरांत माझ्या वयाबद्दलची सहानुभूती, माझ्या वाहनज्ञानाबद्दलची शंका आणि मी हौसेखातर टोचनच्या गाड्या बोलावत असतो असा संशय, हे सारे एकत्र मावले होते. मी म्हणालो, इमोबिलायझर आहे, दिवा लुकलुकतो, इंजिन पेट घेते आणि लगेच बंद पडते, कृपा करून स्कॅनर लावा. (इमोबिलायझर म्हणजे किल्लीतली चिप ओळखू आली नाही तर इंजिन चालू न देणारी चोरप्रतिबंधक यंत्रणा, आणि स्कॅनर म्हणजे मोटारीने नोंदवलेले दोषांचे कोड वाचणारे यंत्र.) त्यांनी स्कॅनर लावला. मला क्षणभर आशा वाटली. आणि मग त्या मनुष्याने, पडद्यावर काय आले आहे ते मला दिसण्यापूर्वी, स्वतःही वाचण्यापूर्वी, सगळे कोड एका बोटाने पुसून टाकले.

का? 'आधी साफ करून घेतो, परत आला तर खरा दोष.' म्हणजे घरफोडीच्या पंचनाम्याला यायचे, दारावरचे बोटांचे ठसे फडक्याने स्वच्छ पुसायचे आणि म्हणायचे की चोर परत आला तर पाहू. चार आठवड्यांतून कधीतरी, स्वतःच्या मर्जीने उगवणाऱ्या दोषाचा एकमेव साक्षीदार तो कोड होता. तिथे कदाचित पी०५१३ असता, म्हणजे किल्ली चुकीची आहे. कदाचित यू०१६७ असता, म्हणजे इमोबिलायझरच्या युनिटशी संपर्कच तुटला होता. या दोन गोष्टींत जमीनअस्मानाचा फरक आहे. पहिल्यात संशय किल्लीवर जातो, दुसऱ्यात वायरिंगवर किंवा खुद्द युनिटवर. आता दोन्ही गेले. छापील कागदावर 'कोणताही दोष आढळला नाही' असे आले आणि त्याच कागदाच्या तळाशी, त्याच शाईत, 'अँटेना कॉइल बदलावी, खात्रीसाठी ईसीयू बदलण्याचा विचार करावा' असेही आले. कॉइल म्हणजे कुलपाभोवतीचे, किल्लीतली चिप वाचणारे तारेचे वेटोळे, आणि ईसीयू म्हणजे इंजिन चालवणारा संगणक. जिथे दोषच नाही तिथे खात्री कशाची करायची, हे विचारण्याइतके त्राण माझ्यात उरले नव्हते. चिडून मी कॉइल मागवण्यास होकार दिला, आगाऊ रक्कम भरली, माझी किल्ली घेतली आणि सुरळीत चालणाऱ्या त्या विश्वासघातकी मोटारीत बसून घरी आलो.

ईसीयू बदलण्याचा विचार करावा म्हणे! जणू तो वायपरचा रबर आहे. ईसीयू बदलला की त्याची आणि इमोबिलायझरची ओळख नव्याने जुळवावी लागते, किल्ल्या पुन्हा नोंदवाव्या लागतात, आणि हे न करता नुसता डबा बदलला तर आज कधीमधी सुरू होणारी मोटार उद्यापासून अजिबात सुरू होणार नाही. हे मला ठाऊक आहे, कारण या महिन्यात मी या विषयावर जितके वाचले तितके परीक्षेसाठीही कधी वाचले नव्हते.

आणि हे काही पहिल्यांदा घडले नव्हते. पहिल्या गॅरेजने बॅटरी बदलली. मी मल्टिमीटरने मोजून गेलो होतो: उभ्या मोटारीत १२.५ व्होल्ट, सेल्फ मारताना १०.४. व्होल्टेज फार खाली आले तर इमोबिलायझरचा संवाद बिघडू शकतो हे मान्य आहे, म्हणून तर आधी मोजले होते. स्टार्टर गरागरा फिरत असताना बॅटरीवर संशय घेणे म्हणजे धावत आलेल्या रोग्याच्या पायाला प्लास्टर घालणे. पण बॅटरी बदलून झाली. मोटार तिथेही सुरू होत होतीच, त्यामुळे नव्या बॅटरीचा गुण आला असेच सर्वांनी ठरवले. गुण सहा दिवस टिकला.

दुसऱ्याने फ्यूएल पंप बदलला. इंजिन पेट घेऊन बंद पडते म्हणजे पेट्रोल कमी पडते, असा त्याचा साधा सरळ हिशेब होता. पेट्रोलचा दाब मोजण्याचे गेज त्याच्या भिंतीवर टांगलेले मी या डोळ्यांनी पाहिले, आणि ते तिथेच टांगलेले राहिले. दिवा लुकलुकत असताना इंजिनात पेट्रोल फवारणाऱ्या इंजेक्टरला विजेची पल्स मिळते आहे का, एवढेच पाहिले असते तरी उलगडा झाला असता, कारण बऱ्याच मोटारींत इमोबिलायझर इंजेक्टरच बंद करतो, पंप बिचारा आपले काम करत असतो. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ती ही. माझा जुना पंप निरपराध होता आणि आता तो भंगारात आहे.

तिसऱ्याने सांगितले की बॅटरीचे टर्मिनल दहा मिनिटे काढून ठेवा, सगळे रीसेट होते. हा उपाय ज्याने पहिल्यांदा सांगितला त्याला शोधून काढण्याची माझी तीव्र इच्छा आहे. इमोबिलायझरमध्ये नोंदवलेल्या किल्ल्यांची माहिती अशा स्मृतीत असते की जी वीज गेली तरी पुसली जात नाही. ती पुसली गेली असती तर चोराने बॉनेट उघडून टर्मिनल काढले असते आणि मोटार घेऊन गेला असता. मग या यंत्रणेचा खटाटोप करायचाच कशाला? टर्मिनल काढल्याने पुसले काय गेले, तर रेडिओची केंद्रे आणि घड्याळाची वेळ. मोटारीतले घड्याळ अजून पावणेबारा दाखवते आहे.

शेजाऱ्यापाजाऱ्यांचे निदान एकच: "किल्लीतला सेल बदला." अहो, तो सेल दारे उघडण्याच्या बटणांसाठी आहे! ज्या मोटारीत किल्ली कुलपात घालून फिरवावी लागते तिथे इमोबिलायझरची चिप सेलवर चालतच नाही. कुलपाभोवतीच्या कॉइलमधून, बहुतेक मोटारींत १२५ किलोहर्ट्झवर, जी लहर निघते तिच्यातूनच ती चिप क्षणभर वीज उचलते आणि आपली ओळख सांगते. सेल मेला तरी मोटार सुरू व्हायला हवी. बटण दाबून सुरू होणाऱ्या मोटारींचे प्रकरण वेगळे, आणि तिथेही सेल संपला तर किल्ली बटणाला किंवा नेमून दिलेल्या जागी टेकवण्याची सोय असते. हे मी इतक्यांदा समजावले आहे की आता माणसे मला पाहून जिना बदलतात. सेल मात्र मी बदलला. दोनदा.

तेव्हा काल रात्री मी शास्त्रशुद्ध विचार करायला बसलो. वहीत रकाने आखले. दुसरी किल्ली लावून पाहा, असे जिथे तिथे लिहिलेले असते, तो प्रयोग मी पहिल्याच दिवशी केला होता: पहिल्या किल्लीने मोटार नाकारते, दुसरीनेही नाकारते, दोन चिपा एकाच दिवशी बिघडणे असंभव, म्हणून दोष कॉइलमध्ये, तिच्या जोडणीत किंवा युनिटमध्ये. स्टिअरिंगखालचे आवरण काढून कॉइलची जोडणी मी स्वतः तपासली होती, मल्टिमीटरच्या दोन्ही सुया लावून तार अखंड असल्याचे पाहिले होते. तर्कात कुठे फट नव्हती. तर्क वाचून माझा मलाच अभिमान वाटला.

आज सकाळी गॅरेजातून परत आलेली सुटी किल्ली मी नेहमीप्रमाणे जुडग्यात ओवली, खाली गेलो, किल्ली फिरवली. दोन सेकंद. दिवा. शांतता.

मी जुडग्याकडे पाहत राहिलो. जुडग्यात घराची किल्ली होती, कपाटाची होती, मोटारीची होती, आणि मोटारीची दुसरीही होती. पाच आठवड्यांपूर्वी, सगळ्या किल्ल्या हरवल्या तर केवढा उपद्व्याप होतो हे कुठेतरी वाचून घाबरलो आणि दुसरी किल्ली हरवू नये म्हणून ती पहिलीच्या शेजारी, त्याच कडीत अडकवली. म्हणजे हरवायच्याच तर दोन्ही एकदम हरवाव्यात अशी चोख व्यवस्था केली, पण तो मूर्खपणा तूर्त बाजूला ठेवू. कॉइलने 'कोण आहे' असे विचारताच दोन्ही चिपा एकाच वेळी 'मी, मी' म्हणून ओरडत होत्या आणि त्या गलक्यात कॉइलला काहीही कळत नव्हते. दुसरी किल्ली लोंबत दूर गेली की मोटार सुरू, वळून कुलपाजवळ आली की बंद. आणि गॅरेजात? दुसरी किल्ली परक्याच्या हाती द्यायची नाही हा माझा तत्त्वनिष्ठ नियम असल्यामुळे मी दर वेळी एकच किल्ली कडीतून काढून त्यांना देत होतो. दोष मी खिशात घालून परत आणत होतो आणि त्यांना मोटार तपासायला सांगत होतो. राहता राहिला तो दुसऱ्या किल्लीचा प्रयोग. तो मी कडीतून किल्ली न काढताच केला होता, पहिली शेजारी लटकत असताना. काखेत कळसा आणि गावाला वळसा, तोही टोचनच्या गाडीवरून, चार वेळा.

खात्रीसाठी मी किल्ल्या आठ वेळा वेगळ्या केल्या आणि आठ वेळा एकत्र केल्या. मोटारीने सोळाही वेळा बिनचूक उत्तर दिले. मोटारीच्या पुस्तिकेत, किल्ल्यांच्या प्रकरणात, बारीक अक्षरात ही सूचना आहे की चिप असलेली दुसरी किल्ली सुरू करताना जवळ आणू नये. ती पुस्तिका मी विकत घेतल्या दिवसापासून प्लॅस्टिकच्या पिशवीतून काढली नव्हती.

बरे, मी मूर्ख ठरलो, ते मान्य. पण म्हणून हे चौघे सुटले असे कोणी समजू नये. चार गॅरेजांतल्या एकाही माणसाने 'साहेब, जुडग्यात आणखी काय असते' हा प्रश्न विचारला नाही. एक वाक्य! डॉक्टर पोट दुखते म्हटल्यावर आधी काय खाल्ले ते विचारतो, थेट आतडे बदलायला घेत नाही. घरी सुरू होत नाही आणि गॅरेजात होते, तर या दोन ठिकाणांत फरक काय, हे विचारायला स्कॅनर लागत नाही, मल्टिमीटरही लागत नाही.

आणि तो दिवा! चिप फुटली तरी तो लुकलुकतो, कॉइल तुटली तरी लुकलुकतो, जोडणीला गंज चढला, युनिटमध्ये पाणी गेले, किल्ली नोंदलेलीच नाही, दोन किल्ल्या भांडताहेत, काहीही झाले तरी तोच तांबडा डोळा त्याच चालीने मिचकावत राहतो. आत बसलेल्या युनिटला बहुतेक वेळा अधिक माहीत असते. उत्तरच आले नाही की चुकीचे उत्तर आले, हा भेद अनेक मोटारींत वेगवेगळ्या कोडांनी नोंदवला जातो. पण तो सांगायचा कोणाला, तर उत्पादकाच्या स्कॅनरला, मालकाला नाही. मी घेतलेल्या स्वस्त रीडरने मला चार आठवडे 'कोड नाही' असेच सांगितले, कारण तो फक्त इंजिनाच्या युनिटशी बोलतो आणि तक्रार भलत्याच युनिटमध्ये लिहिलेली असते. आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी. दार कधी अर्धवट उघडे आहे, सीटबेल्ट कोणाचा लागला नाही, बाहेर पारा किती उतरला, हे सगळे मला पडद्यावर शुद्ध वाक्यांत सांगणारी मोटार, ती मला घेऊन जाणार का नाही एवढ्याच बाबतीत चित्रलिपीत बोलते.

हे सगळे चोरांसाठी चालले आहे म्हणे. युरोपात १९९८ पासून नव्या मोटारींना इमोबिलायझर सक्तीचा झाला, आणि त्याने चोऱ्यांना आळा बसला हे मी नाकारत नाही. पण २०१२ मध्ये संशोधकांनी हिटॅग-२ या बऱ्याच मोटारींत असलेल्या चिपची ४८ बिटांची गुप्त किल्ली सहा मिनिटांच्या आत काढून दाखवली. त्यांना सहा मिनिटे लागली. मला, दोन्ही खऱ्या किल्ल्या हातात असताना, पाच आठवडे.

दुपारी गॅरेजातून फोन आला. कॉइल आली आहे. मी सांगितले की आता नको. ते म्हणाले की विद्युत भाग परत घेतले जात नाहीत. मी काय झाले होते ते सांगितले नाही. नुसते विचारले की मोटारीत दोष कोणता होता. "कोणताच नव्हता, साहेब, मी तर कालच म्हणालो होतो." या 'तर'ला माझ्यापाशी उत्तर नव्हते. संध्याकाळी जाऊन कॉइल घेऊन आलो. आता ती टेबलाच्या खणात पडून आहे, तिच्या शेजारी मोटारीची दुसरी किल्ली आहे, आणि त्या दोघींची ओळख पटायला मध्ये फक्त बारा व्होल्ट कमी आहेत.