आबांचा टाळ चुकत नाही, वाफा मात्र फुटतो

आदरणीय गुरुजी,

मेंदूज्वरातून उठल्यावर काळ जाणवेनासा झालेल्या आबांच्या कथेवर आपण सविस्तर आणि परखड लिहिलेत. आपले मुख्य आक्षेप तीन आहेत. कालभानलोप नावाचा आजार वैद्यकात नाही; घड्याळावाचून जगलेल्या मराठवाड्यातल्या जुन्या माणसांना मी रोगी ठरवले; आणि ज्याला पाच मिनिटे कळत नाहीत त्याच्या हातून एकादशीच्या भजनात टाळ अचूक वाजतो, हे अशक्य आहे. जाता जाता आबांच्या झोपेविषयीही आपण एक वाक्य लिहिले आहे, त्याकडे शेवटी येतो.

पहिल्या आक्षेपावर वाद नाही. आजाराचे नाव मी घडवले आहे आणि तसे कथेच्या आरंभीच सांगायला हवे होते. आता ती ओळ घातली आहे.

दुसरा आक्षेप मनाला लागला, कारण तो खरा असता तर माझी आजीच पहिली रोगी ठरली असती. तिला जन्मतारीख ठाऊक नव्हती. रझाकारीत ती रांगत होती, धाकटा काका ७२च्या दुष्काळातला आणि घराची भिंत किल्लारीच्या भूकंपात तडकलेली, एवढीच तिची दिनदर्शिका. निजामाच्या राज्यात सरकारी कागदांवर फसली साल असे, ते इसवी सनाच्या सुमारे ५९० वर्षे मागे; तेव्हा या भागात जन्मसालाचा घोळ होणे हा काही म्हाताऱ्यांचा दोष नव्हे. पण हीच आजी ‘दिवस कासराभर वर आला’ असे म्हणाली की न्याहारीची वेळ झालेलीच असे, आणि तव्यावरची भाकरी उलटायला तिने कधी निरखून पाहिले नाही. तिला तारीख माहीत नव्हती, मात्र किती वेळ गेला हे पुरते कळत होते. आबांचे नेमके उलटे आहे. ते भिंतीवरची दिनदर्शिका बरोबर वाचतात, घड्याळातले काटेही वाचतात, पण दोनदा घड्याळ पाहण्याच्या मधला काळ त्यांना जाणवतच नाही. म्हणूनच रात्रीच्या लाइटवर दारे धरायला गेले की वाफा कधी भरला हे त्यांना उमगत नाही आणि पाणी बांध फोडून शेजाऱ्याच्या हरभऱ्यात शिरते. शेजारी भांडायला येतो तेव्हा आबा अगदी खरेपणाने सांगतात की, पाणी तर आत्ताच सोडले होते.

टाळाचा आक्षेप सर्वांत मोलाचा आहे, कारण तो प्रसंग मी जाणूनबुजून लिहिला होता आणि त्याचे कारण कथेत कुठेच दिले नव्हते. डोळ्याला प्रकाश किंवा कानाला आवाज कळतो तसा काळ कळणारा एकच अवयव माणसाला नाही. टाळाच्या दोन ठोक्यांमधले अंतर सेकंदाहून कमी असते आणि ते साधण्यात लहान मेंदूचा व हालचालींवर ताबा ठेवणाऱ्या भागांचा मोठा वाटा असतो. वाफा भरायला लागणारी मिनिटे जाणवायला मात्र अवधान आणि स्मृती यांची साथ लागते. ही फारकत माझ्या कल्पनेतली नाही. हेन्री मोलेसन या अमेरिकन रुग्णावर १९५३ साली फेफऱ्यासाठी शस्त्रक्रिया झाली, त्यात मेंदूतला स्मृतीशी निगडित भाग दोन्ही बाजूंनी काढला गेला आणि नव्या आठवणी साठवण्याची त्याची क्षमता गेली. पुढे त्याची चाचणी घेतली तेव्हा सुमारे २० सेकंदांपर्यंतचा अवधी तो बऱ्यापैकी बरोबर सांगे. त्यापुढचा काळ मात्र त्याला प्रत्यक्षाहून फार थोडा वाटे. आबांच्या बाबतीत मी हीच रेषा धरली आहे. पखवाजाची साथ आणि भोवतालचे वारकरी त्यांना दर ठोक्याला सावरतात, म्हणून अभंग संपेपर्यंत ते चुकत नाहीत. भजन तासभर चालले की रात्रभर, हे विचारले तर मात्र त्यांना सांगता येत नाही.

आता झोप. आपण विचारता, ‘काळ कळेना म्हणून झोप का उडावी?’ येथे चूक माझी आहे आणि ती मी या उत्तराची तयारी करताना पकडली. मिशेल सिफ्र हा फ्रेंच भूशास्त्रज्ञ १९६२ साली आल्प्समधल्या एका गुहेत घड्याळाशिवाय सुमारे दोन महिने राहिला. १४ सप्टेंबरला त्याला बाहेर काढले तेव्हा त्याच्या हिशेबाने २० ऑगस्टच उजाडला होता. सेकंदाला एक या गतीने १२० पर्यंत मोजायला सांगितले, तर त्याला पाच मिनिटे लागली. इतके भान सुटूनही त्याचे झोपणे-जागणे साधारण साडेचोवीस तासांच्या चक्रात चालूच होते. शरीराचे दिवस-रात्रीचे घड्याळ मेंदूच्या तळाशी, दोन्ही डोळ्यांच्या नसा एकमेकींना छेदतात त्याच्या अगदी वर असते. सूर्यप्रकाश त्याला रोज जुळवून घेतो, आणि किती मिनिटे गेली या जाणिवेवर ते अवलंबून नसते. मी ही दोन घड्याळे एकच समजून बसलो आणि आबांना मध्यरात्री कारण नसताना जागे केले. ते वाक्य काढून टाकतो आहे. मध्यरात्री शेतात जाण्याचा प्रसंग तसाच ठेवतो, कारण आपल्याकडे शेतीची लाइट कधी येते हे आपल्याला मी सांगायला नको.

आपण लिहिता की, पस्तीस मिनिटांची तासिका संपायच्या आत, मनगटाकडे न पाहता, आपला फळा पुसून होत असे, आणि यात कौतुक करण्यासारखे काही नव्हते. आबांना एके काळी वाफा भरल्याचे असेच बांधाच्या दुसऱ्या टोकाला बसून कळत असे. आपली परवानगी असेल तर फळ्याची ही गोष्ट मी कथेतल्या शाळामास्तरांना देऊ इच्छितो. भजनातून परतताना ते आबांना ती सांगतील आणि आबा विचारतील, ‘मग पुसायची वेळ झाली हे तुम्हाला सांगायचं कोण?’